बेरीज दहा हवी

ते दोन दाणे मी भरले. कुणी पाहिलं नाही, कुणाला कळलं नाही, आणि कळलं असतं तरी फार काही बिघडलं नसतं. पण गेल्या मे महिन्यापासून ते माझ्या डोक्यात डाळीतल्या खड्यासारखे आहेत. एरवी जाणवत नाहीत, दाताखाली आले की कळतं.

झालं ते असं. अक्षय तृतीया होऊन आठ-दहा दिवस झाले होते. बाहेरच्या एका संशोधन संस्थेच्या सर्व्हेचं काम मला मिळालं होतं. दर उन्हाळ्यात असं काहीतरी मिळतं, अर्थशास्त्रात एम. ए. करून गावातच राहिलेल्या माणसाचा त्या विषयाशी उरलेला संबंध तेवढाच. आमचं गाव यवतमाळ जिल्ह्यात, पैनगंगेच्या अलीकडे. दुपारी अडीच-तीनची वेळ, रस्त्यावर कुत्रंही नाही. काकाजींच्या घरात कूलर सुरू, पाणी टाकलेल्या खसच्या ताट्यांचा वास, आणि मध्येच लाइन गेली की पंख्याचं पातं फिरत फिरत थांबतं तो आवाज. काकाजी माझे सख्खे काका नव्हेत, पण गावात सगळेच त्यांना काकाजी म्हणतात. सात एकर कोरडवाहू, पऱ्हाटीत, म्हणजे कपाशीत, तूर, वय सत्तरच्या पुढे. माझ्या हातात टॅब आणि खिशात प्लास्टिकच्या पुडीत मोजून दहा हरभरे.

फरशीवर खडूनं सहा खाने काढले. जूनचा पहिला आठवडा, दुसरा, तिसरा, चौथा, मग जुलैचा पहिला, दुसरा. प्रश्न असा: पेरणीजोगा पाऊस कधी येईल असं वाटतं? जिथं जास्त भरवसा तिथं जास्त दाणे, जिथं कमी तिथं कमी. काकाजींनी दाणे तळहातावर घेतले, एकेक उलटापालटा करून पाहिला, जणू मी बियाणं विकायला आलो होतो. मग दुसऱ्या खान्यात एक, तिसऱ्यात तीन, चौथ्यात तीन, पाचव्यात एक. आणि मूठ मिटली.

"काकाजी, दोन राहिले."

"राहू दे."

"दहाही मांडाचे असतात."

"सारेच दाने कोनी वावरात टाकते काय रे बाबू? दोन राखाले लागते. दुबार पेराची पाळी आली त मंग कोठून आनशीन?"

आणि ते दोन हरभरे त्यांनी सदऱ्याच्या खिशात टाकले. मी हसलो, काकूही आतून हसल्या. टॅब हसला नाही. पडद्यावर लाल अक्षरं आली: बेरीज 10 हवी. पुढचा प्रश्न उघडेना. त्या दिवशी अजून दोन घरं बाकी होती, बॅटरी चाळीस टक्क्यांवर आली होती. मी जूनच्या चौथ्या आठवड्यात तीनचे पाच केले. लाल अक्षरं गेली. पुढचा प्रश्न उघडला: घरात बैलजोडी आहे का?

ज्यांच्यासाठी मी हा सर्व्हे करत होतो, त्या मॅडमनी काही ही दाण्यांची पद्धत शोधलेली नाही. "पाऊस अमुक आठवड्यात येण्याची शक्यता किती टक्के?" असं विचारलं की माणूस तुमच्या तोंडाकडे पाहतो, म्हणून जगभरच्या गरीब मुलखांत काम करणारे अर्थतज्ज्ञ बऱ्याच वर्षांपासून दाणे, खडे, बिया वापरतात. माणसाच्या मनातली शंका मोजायची तर ती हातात धरता आली पाहिजे, हा त्यामागचा विचार मला फार आवडतो. आमच्याकडे तर धान्य मांडून पावसाचा अंदाज घेणं काही नवीन नाही. बुलडाण्यात जळगाव जामोद तालुक्यातल्या भेंडवळला अक्षय तृतीयेच्या संध्याकाळी शेतात घट मांडतात. भोवती अठरा प्रकारचं धान्य, मध्ये चार महिन्यांची चार ढेकळं, त्यांवर पाण्याची घागर. दुसऱ्या दिवशी पहाटे कोणतं धान्य जागेवरून सरकलं, कोणतं ढेकूळ किती भिजलं, ते पाहून पावसाचं, पिकाचं, देशाच्या राजाचंही भाकीत सांगतात. माझा त्यावर विश्वास नाही. पण दुसऱ्या दिवशीच्या पेपरात ते वाचल्याशिवाय मी पेपर खाली ठेवत नाही, हेही खरं. फरक इतकाच की भेंडवळला दाण्यांना विचारतात आणि आम्ही दाण्यांकडून माणसाला.

सर्व्हे सुरू व्हायच्या आधी मॅडम दोन दिवस गावात आल्या होत्या. पुण्याकडच्या, परदेशात पीएच. डी. करणाऱ्या, तिशीच्या आतल्या. मला दादा म्हणायच्या, मी त्यांना मॅडम. संध्याकाळी आमच्या अंगणात खाटेवर बसून त्यांनी मला लॅपटॉपवर एक गोष्ट दाखवली. त्यांनी संगणकातल्या त्या बोलक्या कृत्रिम बुद्धिमत्तेला सांगितलं होतं की तू यवतमाळ जिल्ह्यातला कोरडवाहू कापूस पिकवणारा शेतकरी आहेस, पाच एकर आहेत, डोक्यावर पीककर्ज आहे. आता या प्रश्नांची उत्तरं दे. आमची आख्खी प्रश्नावली त्यानं मिनिटा-दोन मिनिटांत संपवली. मला एका घरी दीड तास लागतो. मॅडम म्हणाल्या, यातून प्रश्न कुठं अडखळतात ते आधी कळतं. हे खऱ्या माणसाच्या जागी नाही, फक्त रंगीत तालीम. अर्थशास्त्रात 'होमो इकॉनॉमिकस' म्हणून एक काल्पनिक माणूस आहे, सदा स्वतःचा फायदा मोजणारा. 2023 साली जॉन हॉर्टन नावाच्या अर्थतज्ज्ञानं त्याला भाऊ शोधून दिला, 'होमो सिलिकस'. वाळूच्या सिलिकॉनमधून निघालेला, कंटाळा न येणारा, चहा न मागणारा माणूस. दाण्यांच्या प्रश्नाला त्यानं एक, दोन, तीन, दोन, एक, एक असे दाणे मांडले होते. सुबक टेकडी. बेरीज दहा. पिकाच्या प्रश्नांवर तर मला लाज वाटावी इतकी बरोबर उत्तरं होती, बोंडअळीसकट. आईनं विचारलं, "कोन होय थो?" मी म्हटलं, "आपल्यासारखाच शेतकरी." "मंग त्याले पानी त विचार," ती म्हणाली, आणि मॅडम इतक्या हसल्या की लॅपटॉप बंद करावा लागला.

मॅडमचं सगळं कामच असं. आकडेमोडीचा प्रोग्रॅम लिहिताना अडलं की यंत्राला विचारायचं. तास-तासभराच्या मुलाखतींच्या ध्वनिफिती ऐकून त्याच्याकडून टिपण करून घ्यायचं. "कर्ज का घेतलं?" या प्रश्नाला आलेली शेकडो मोकळी उत्तरं वाचून त्याच्याकडून खान्यांत लावून घ्यायची, पूर्वी या कामाला दोन मुलं महिनाभर बसायची. त्या दोन मुलांपैकी एक मीच होतो, पाच वर्षांपूर्वी, दुसऱ्या एका सर्व्हेत. त्यामुळे कौतुक करताना जीभ थोडी जड होते. एक समाधान मात्र आहे: यंत्राला आमची बोली अजून पचत नाही. "औंदा पऱ्हाटी लावली" याचं त्यानं "औंधला पराठे लावले" केलं होतं. तो कागद मी जपून ठेवलाय.

पण दाण्यांकडे परत येतो. मला वाटलं होतं, माझी लबाडी पकडली जाईल. टॅबला सगळं कळतं: मी कुठल्या घरासमोर उभा आहे, प्रश्न किती सेकंदांत संपवला, आणि अधूनमधून, मला न कळू देता, तो दोन-तीन मिनिटांचा आवाज मुद्रित करून ठेवतो. घरी झाडाखाली बसून फॉर्म भरणारी पोरं त्यातच सापडतात. एकाच माणसाची उत्तरं फार गुळगुळीत आली, तरी यंत्र खूण करतं. माझ्या त्या फॉर्मवर खूण आली नाही. आवाजाचा तुकडा बैलजोडीच्या प्रश्नाचा निघाला. काकाजींच्या दाण्यांची टेकडी उलट माझ्यामुळेच अधिक ठाशीव, अधिक खात्रीची झाली होती.

या चुकीला फार जुना वंश आहे, हे मला नंतर कळलं. एका एकरात किती पिकलं ते काढायला शेतात चौकोन आखून तेवढंच पीक कापतात, तो पीक कापणी प्रयोग आपण सगळ्यांनी पाहिलेला. दोरी, टेप, चार खुंट्या, कृषी सहायक, बाजूला पोरांची गर्दी. स्वातंत्र्याच्या आगेमागे यावरून दोन मोठ्या माणसांत चांगलीच जुंपली होती. कलकत्त्याचे प्रशांतचंद्र महालनोबिस म्हणत, तुकडा लहान घ्या, पण जास्त ठिकाणी घ्या. आपले साताऱ्याकडचे पांडुरंग वासुदेव सुखात्मे म्हणत, लहान तुकड्यात उत्पन्न फुगून येतं. का? कारण कडेवरचं झाड. दोरीवर उभं असलेलं ताट आत धरायचं की बाहेर, हे तिथं विळा घेऊन बसलेला माणूस ठरवतो, आणि त्याचा हात बहुधा आत ओढतो. तुकडा जितका लहान, तितकी त्याची कड आतल्या मानानं मोठी. यात कुणी चोर नसतो. विळा धरलेला हात असतो, इतकंच.

आता वरून उपग्रह पाहतो. पीकविम्यात काही पिकांच्या उत्पादनाचा अंदाज बांधताना कापणी प्रयोगाच्या जोडीला उपग्रहावरून काढलेला आकडाही धरायला 2023 पासून सुरुवात झाली. त्याला दोरी लागत नाही, विळा लागत नाही, कडेवरचं झाड कुणी आत ओढत नाही. पण पऱ्हाटीच्या ओळींत तुरीचं तास असलं की वरून काय दिसतं, हे मला एकदा पाहायचंय. रात्रीच्या उजेडावरून एखाद्या मुलखाची अर्थव्यवस्था वाढते की आटते, हेही अर्थतज्ज्ञ काढतात. 2012 साली त्यावरचा एक निबंध खूप गाजला. आता त्यासाठी वापरतात तो उपग्रह मध्यरात्रीनंतर दीडच्या सुमाराला वरून जातो. त्या वेळी आमच्याकडं कोण जागं असतं म्हणाल, तर रानडुकरांपायी जागलीवर गेलेले लोक. मचाणावर एक बॅटरी, एक रिकामा पिपा वाजवायला. एवढा बारीक उजेड उपग्रहाला दिसत नाही म्हणा. दिसला असता तर आमच्या वावरांत भरभराट नोंदली गेली असती.

आकड्यांची ही माझी खोड उगाच नाही. विदर्भात वाढलेल्या माणसाला आकडा काय करू शकतो ते लहानपणापासून ठाऊक असतं. वि. म. दांडेकरांच्या समितीनं 1984 मध्ये महाराष्ट्राच्या प्रदेशांतलं अंतर मोजलं. किती रस्ते कमी, किती विहिरींना वीज नाही, किती पाणी अडवलेलं नाही; एकूण 3 हजार 186 कोटींचा अनुशेष. अनुशेष हा शब्द तेव्हापासून आमच्याकडं चहाच्या टपरीवर चालतो. माझ्या बापाला अर्थशास्त्र म्हणजे काय ते माहीत नव्हतं, पण अनुशेष म्हणजे काय ते तो दुपारभर सांगू शकायचा. कुणीतरी पुण्याहून येऊन मोजलं म्हणून आपलं नसलेलं दिसलं, याचं त्याला अप्रूप होतं. त्याच्याच पोटच्या पोरानं एका फॉर्मात दोन दाणे ढकलून दिले.

उन्हाळ्यातल्या एका रात्री मॅडमनी छत्री आणि धोंडीची गोष्ट सांगितली होती. म्हणजे त्यांनी छत्री आणि पावसासाठीचा नाच असं म्हटलं होतं. धोंडी मी केली. 2015 साली काही संशोधकांनी मांडलेलं ते. आभाळ भरून आलं. छत्री घ्यायची की नाही, हे ठरवायला पाऊस येणार का एवढंच कळलं तरी पुरतं. पण दुष्काळात बेडूक बांधून, अंगाला लिंबाचा पाला गुंडाळून धोंडी काढायची की नाही, हे ठरवायचं तर धोंडीनं पाऊस येतो का, हे माहीत पाहिजे. पहिलं भाकीत, दुसरं कारण. यंत्रं पहिल्यात तरबेज झाली आहेत. अर्थतज्ज्ञांचा जीव दुसऱ्यात अडकलेला असतो, म्हणून ते मुद्दाम अर्ध्या गावांना एखादी गोष्ट देतात, अर्ध्यांना देत नाहीत आणि फरक पाहतात. पैनगंगेच्या पलीकडं तेलंगणात 2022 साली असंच अडीचशे गावांत केलं. मान्सून कधी लागणार, हे कित्येक आठवडे आधी सांगितलं. पाऊस आपल्या अंदाजापेक्षा उशिरा आहे असं ज्यांना कळलं, त्यांनी त्या साली कमी जमीन पेरली. म्हणजे लोक ऐकतात. पण आपल्याच महाराष्ट्रात शंभर गावांत मोबाइलवर बाजारभाव आणि हवामान कळवून पाहिलं होतं, तेव्हा शेतकऱ्यांच्या हाती पडलेल्या भावात म्हणावा असा फरक आढळला नाही. हे मी काकाजींना सांगितलं तर ते म्हणाले, "भाव माईत असून काय करता? माल त ज्याचे पैशे घेतले त्याच्याच दारात जाते." अर्थतज्ज्ञांनी त्यावर काय लिहिलं असतं माहीत नाही, मला मात्र त्यावर दुसरा प्रश्न सुचला नाही.

आणि मग तो जून. 2025 चा मान्सून 24 मेलाच केरळात आला, मुंबईलाही लवकर पोचला. मे महिन्यातच आमच्याकडं अवकाळीनं वावरं ओली करून ठेवली होती. लोकांचे हात शिवशिवायला लागले, सरकीची पाकिटं घरात येऊन पडली. त्याच साली पहिल्यांदा केंद्र सरकारच्या कृषी मंत्रालयानं 13 राज्यांतल्या 3 कोटी 80 लाखांहून जास्त शेतकऱ्यांना कृत्रिम बुद्धिमत्तेनं काढलेला मान्सूनचा अंदाज मोबाइलवर पाठवला, मराठीतही. गूगलचं एक मॉडेल, युरोपातल्या हवामान केंद्राचं एक, आणि आपल्या हवामान खात्याच्या सव्वाशे वर्षांच्या पावसाच्या नोंदी. नोबेल मिळालेले मायकल क्रेमर आणि त्यांचे शिकागोचे सहकारी त्यामागे होते. आणि पाऊस मध्येच थांबला, तो थांबेल हे त्या अंदाजानं आधी सांगितलं होतं. हे मी नंतर वाचलं. वाचता वाचता उठलो आणि काकाजींकडं गेलो. निरोप आला होता का? फोन काढला, बटणांचा, मागं रबर लावलेला. रिचार्ज, कर्ज, लॉटरी. निरोप नव्हता. अर्ध्या तासानं काकूंच्या लक्षात आलं की कागदपत्रांवर नंबर पोराचा दिलाय. पोरगा चाकणला कंपनीत, रात्रपाळी. त्याला फोन लावला. "आला असन," तो म्हणाला, "पाह्यतो." पाऊस कधी येणार, हे काकाजींच्या सात एकरांसाठी कुठल्याशा मॉडेलनं बरोबर काढलं आणि ते चाकणच्या एका खोलीत उशीखाली पोचलं.

काकाजींनी घाई केली नव्हती, हा भाग वेगळा. रोहिणीत पेरायचं नाही म्हणून ते थांबले. पण पाच एकरच पेरले, दोन ठेवले. आठवड्यानं पाहिलं तर पेरलेल्या पाचांपैकी दोन एकरांत बऱ्याच जागी रोप उगवलेलं नाही, तिथं राखलेलं बियाणं टोबलं. मी धुऱ्यावर उभा होतो. ते वाकून एकेक बी बोटानं मातीत दाबत होते आणि माझ्याशी गावच्या राजकारणाचं बोलत होते. मला राजकारण ऐकू येत नव्हतं. पुढं ऑगस्ट-सप्टेंबरात पाण्यानं जो कहर केला त्यात ते राखलेलंही आणि पेरलेलंही सारखंच पिवळं पडलं, हेही सांगायला हवं. राखलं म्हणून वाचले, अशी ही गोष्ट नाही.

दिवाळीनंतर मॅडमनी मला एक आलेख पाठवला, कौतुकानं. आमच्या गावाचा पावसाबद्दलचा अंदाज. जूनच्या चौथ्या आठवड्यावर स्तंभ सगळ्यांत उंच. मी तो मोबाइलवर दोन बोटांनी मोठा करून पाहिला, जणू त्यात माझे दोन दाणे वेगळ्या रंगात दिसतील. रात्री फोन केला आणि सांगून टाकलं. पलीकडं बराच वेळ शांतता. मला वाटलं, पुढच्या वर्षीचं काम गेलं. मग त्यांनी विचारलं, "दादा, असं अजून कुणी केलं?" मी आठवायला लागलो. दोघांनी दाणे खाल्ले होते, त्यांना नवीन दिले. एका बाईनं एक दाणा पदरात बांधला होता, तो मी मागून घेतला. आणखी एक म्हातारा, त्यानं तीन ठेवले होते. तेव्हा मी त्याला समजावून ते मांडायला लावले होते. म्हणजे तेही माझेच.

"तुम्ही त्यांना परत विचाराल का, का ठेवले?" मॅडम म्हणाल्या. मी काकाजींकडं गेलो. ते ओट्यावर तूर पाखडत होते, सगळीकडं फोलपटं. "काकाजी, उन्हाळ्यात तुम्ही दोन दाणे ठेवून घेतले होते, खिशात." त्यांना आठवेना. "कोनते दाने?" मी सगळं सांगितलं, खडूचे खाने, हरभरे, टॅब. ते ऐकून घेत सूप हलवत राहिले. "ठेवले असन," म्हणाले. "मंग त्यात काय इचारालेच आला?"

मी तेच उत्तर जसंच्या तसं पाठवलं. या महिन्यात मॅडमनी नवी प्रश्नावली पाठवली आहे. त्यात सहा खान्यांच्या खाली सातवा खाना आहे: हातात ठेवलेले. त्यांनी तो आधी त्या लॅपटॉपमधल्या शेतकऱ्यावर करून पाहिला. त्यानं एक दाणा हातात ठेवला आणि नऊ मांडले, कारणही दिलं, अगदी समजूतदार. मॅडम खूश आहेत. मला काय वाटावं ते अजून ठरत नाही. थोडं आपलं कुणीतरी ओळखीचं निघाल्यासारखं, थोडं कुणीतरी आपल्या घरात डोकावून गेल्यासारखं.

लोक दाणे खातात म्हणून या वेळी हरभऱ्याऐवजी सरकी घेऊ का, असं मी विचारलं. त्या म्हणाल्या, नको, हरभराच ठेवा, नाहीतर मागच्या वर्षाशी तुलना करता येणार नाही. किलोभर घेऊन ठेवलाय.